गावात काम वाढलंय म्हणतेस, त्याबद्दल

राळेगाव तालुका, जि. यवतमाळ

चि. ताई,
अनेक आशीर्वाद.

तुझा फोन आला तेव्हा काट्यावर कापूस मोजणं चालू होतं आणि वेचणाऱ्या बायांच्या हिशेबाची वही माझ्याजवळ होती, म्हणून मी नुसतं हो हो करून फोन ठेवला. आता जेवणं झाली. बाबा हरभऱ्याच्या ओलिताला गेलेत, या आठवड्यात लाईन रात्रीची आहे. तर सावकाश लिहिते.

तुझं बोलणं मला कळलं ते असं. तुमच्या ऑफिसात शेतकऱ्यांचे फोन आता कॉम्प्युटरच उचलणार, मराठीतही बोलणार, आणि निम्म्या पोरी कमी करणार. वर तू मला ती बातमी पाठवलीस. खेड्यातल्या पंधरा वर्षांवरच्या बायांपैकी काम करणाऱ्या किंवा काम शोधणाऱ्या 2017-18 मध्ये शंभरात 24.6 होत्या, त्या 2023-24 मध्ये 47.6 झाल्या. म्हणजे जवळजवळ दुप्पट. ‘मग आई, मी गावातच येते ना, काम तर तिकडेच वाढलंय.’

ये. संक्रांतीला ये, आठ दिवस राहा. पण या आकड्याच्या भरवशावर बॅग भरू नको.

त्या 47 मध्ये मीसुद्धा आहे. आपल्या साडेतीन एकरात मी सरकी टोबते, खत देते, फवारणीला पाणी वाहते, कापूस वेचते. मोजणाऱ्यानं मला कामात धरलं तर बरोबरच केलं, आधी धरत नव्हते तेच चूक होतं. पण त्या बातमीतही खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं, बघ परत. वाढलेल्यांत बऱ्याच बाया स्वतःच्या वावरात नाहीतर घरच्या धंद्यात हात लावणाऱ्या आहेत, आणि त्यातल्या कितीतरींना मजुरी मिळत नाही. चुकारा, म्हणजे विकलेल्या मालाचे पैसे, बाबांच्या खात्यात येतो. सातबाऱ्यावर बायकोचं नाव चढवायला 1992 पासून लक्ष्मीमुक्तीचा सरकारी आदेश आहे, नवऱ्यानं अर्ज दिला की झालं. आपला अर्ज अजून पेटीत आहे. ते जाऊ दे.

मजुरीचं काम मात्र आटलंय, आणि ते माझ्या डोळ्यांदेखत आटलं. तू लहान होतीस तेव्हा आषाढ लागला की निंदण सुरू व्हायचं ते पोळ्यापर्यंत. एक निंदण झालं की दुसरं, पाऊस जास्त झाला तर तिसरं. बाया खुरपं घेऊन ओळीनं बसायच्या, वाकून-वाकून कंबर मोडायची, पण महालक्ष्म्यांचा खर्च त्यातून निघायचा. मग सोयाबीनमध्ये तणनाशक आलं. पुढं कपाशीत चोर बीटी आलं. ते बियाणं रात्री येतं, त्याचं बिल नसतं, सरकारची परवानगी नाही, पण अख्ख्या तालुक्यात उभं आहे. त्याच्यावर तणनाशक मारलं तरी पऱ्हाटी मरत नाही, तण मरतं. दहा बायांचं दिवसाचं काम एक माणूस पंप पाठीवर घेऊन दुपारच्या आत करतो.

शेतकऱ्याला मी शिव्या देणार नाही, मीही शेतकरीच आहे. पावसानं उघाड दिली की सगळ्यांना एकाच दिवशी बाया पाहिजेत, त्या मिळत नाहीत, आणि तण थांबत नाही. आपल्याही सोयाबीनला आम्ही तणनाशकच मारतो. मला खटकतं ते वेगळंच. निंदण बाईचं होतं. पंप आला तो माणसाच्या पाठीवर गेला. कुणी ठरवलं नाही, गावात बैठक झाली नाही, तसंच झालं. (2017 च्या पावसाळ्यात आपल्या जिल्ह्यात फवारणी करताना विष चढून वीसच्या वर माणसं गेली, तेव्हा त्या पंपाची काही हौस उरली नाही म्हणा.) सोयाबीनच्या सोंगणीचंही तेच. आम्ही एकराचा ठेका घेऊन विळ्यानं सोंगायचो. शेंगांच्या टोकांनी हात फाटायचे, बोटांना चिंध्या बांधून काम करायचो. आता पीक सपाट वावरात असेल आणि रान वाळलेलं असेल तर हार्वेस्टर येतं, तासाभरात रिकामं करून जातं. त्याच्या सीटवर मी अजून बाई पाहिली नाही.

म्हणजे यंत्र आलं की काम संपतं असं नाही. काम दुसऱ्या कुणाकडे जातं, आणि ते आजवर तरी बाईकडे गेलं नाही. तुझ्या ऑफिसातही आधी हेच बघ. फोन उचलायला पोरी होत्या. आता तो कॉम्प्युटर शिकवणार कोण, त्याची मराठी तपासणार कोण, त्या खुर्चीवर कुणाला बसवताहेत?

वेचणी मात्र अजून आमच्या हातात आहे. कारण बोंडं एकदम फुटत नाहीत. खालची दसऱ्याला फुटतात, वरची संक्रांतीला, आणि ओलित असलं तर फरदड, म्हणजे त्याच झाडाचा पुढचा बहर, उन्हाळ्यापर्यंत. यंत्राला सगळी बोंडं एकदम फुटलेली आणि झाड बुटकं, सरळ लागतं. नागपूरची कापूस संशोधन संस्था दाट लागवडीच्या, ठेंगण्या झाडाच्या मागे लागलीच आहे, अकोल्याकडे तसली लागवड वाढते आहे. तेव्हा हेही कायम राहील असं नाही. पण आज तरी आहे.

यंदा दुसऱ्या वेच्याला मजुरीवरून वाद झाला. पहिल्या वेच्याला किलोला दहा रुपये ठरले होते. पहिला वेचा भरघोस असतो, ओटी लवकर भरते, दहा परवडतात. दुसऱ्या वेच्याला बोंडं विरळ, त्यात कवडी, म्हणजे किडका कापूस, वेगळी काढायची, पाती-काडी लागू द्यायची नाही. मग आम्ही बारा मागितले. मालक म्हणाले, ‘भाव नाही बाई कापसाले, तुमाले बारा कुठून देऊ?’ त्यांचंही खोटं नाही. लांब धाग्याचा हमीभाव 2025-26 च्या हंगामाला क्विंटलला 8110 होता, पण तो केंद्रावर ओलावा बघून. त्यासाठी ॲपवर नोंदणी करा, नंबर लावा, गाडी भरून उभे राहा. गरजू माणूस घरातच व्यापाऱ्याला कमी भावात देऊन टाकतो. बारा म्हणजे क्विंटलमागे बाराशे वेचाईतच गेले. हा हिशेब मला दोन्ही बाजूंनी येतो.

पण त्या दिवशी मी वहीच्या, म्हणजे वेचणाऱ्या बायांच्या, बाजूनं उभी होते. आम्ही धुऱ्यावर, वावराच्या बांधावर, बसून राहिलो. पूर्वी असं झालं की मालक दोन बायांना बाजूला बोलवायचे, ‘तुमाले अकरा देतो, दुसऱ्यायले सांगू नका’, आणि टोळी फुटायची. यंदा आधीच ठरवलं होतं: बोलायचं तर वहीवालीशी, आणि सगळ्यांसमोर. सूर्य वर आला, दव उडालं, दुपारी ढग दिसायला लागले. भिजला तर कापूस पिवळा पडतो. बारा झाले. शिवाय ऑटोचं भाडं मालकाचं, आणि काट्यावर कट्ट्याचं वजन म्हणून जे अर्धा-एक किलो कापायचे ते बंद. पहिली बाई वावरात उतरली तेव्हा मालकच म्हणाले, ‘आता तरी चाला व माय!’

पारावर लोक म्हणतात, लाडकी बहीणचे पंधराशे यायला लागले, म्हणून बाया माजल्या, कामाला येत नाहीत. जुलै 2024 पासून ते पैसे आहेत. पंधराशेत घर चालत नाही हे म्हणणाऱ्यालाही ठाऊक आहे. पण घरात तेल-मीठ आहे एवढा भरवसा असला की बाई एक दिवस धुऱ्यावर बसू शकते. ते पंधराशे मला त्याच कामाला आलेले दिसले. एसटीचं अर्धं तिकीट 2023 ला झालं, त्यानंतर टोळीतल्या दोघी-तिघी हिंगणघाटला जिनिंगमध्ये जायला लागल्या. त्यामुळेही इकडचा भाव चढला. काम कमी झालं तरी भाव चढला, हे तुला उलटं वाटेल, पण झालं तसंच.

तरी आपल्या गावात बाईचा रोज तीनशेच्या आत आणि माणसाचा चारशे-पाचशे. समान कामाला समान वेतन हा कायदा 1976 ला आला, तुझ्या माझ्या कितीतरी आधी. तुझी आजी सांगायची, बाई-माणूस एका दरानं पहिल्यांदा तिला रोजगार हमीवरच भेटलं, नाल्याच्या बांधावर माती टाकताना. तिथं खड्ड्याचं माप घ्यायचे, टोपली कोण उचलतं ते बघत नव्हते. 2025-26 ला त्या कामाचा दर 312 रुपये होता, पण काम निघतं कधी आणि पैसे येतात कधी, हे ग्रामपंचायतीला जाऊन विचारावं लागतं.

बाकी गावात बाईसाठी काम म्हणजे अंगणवाडी, आशा, आणि उमेदच्या, म्हणजे बचत गटांच्या सरकारी अभियानाच्या, सख्या. काकूची अंगणवाडी तू पाहिलीच आहेस. आता रजिस्टर गेलं, मोबाईल आला. आहार द्यायचा तर चेहऱ्याचा फोटो, फोटोला रेंज, आणि रेंज फक्त शाळेच्या गच्चीवर. कडेवर लेकरू असलेली बाई गच्चीवर चढवायची, मग कडधान्याचं पाकीट द्यायचं. अंगणवाडीवाल्यांना ग्रॅच्युइटी मिळाली पाहिजे हे सुद्धा सुप्रीम कोर्टानं 2022 ला सांगावं लागलं. आशा 2005 च्या ग्रामीण आरोग्य अभियानापासून आहेत, रात्री-बेरात्री बाळंतिणीसोबत दवाखान्यात जातात, तरी हिशेब अजून कामामागे मोबदल्याचा. ही कामं चांगली आहेत, गावात मान आहे. पण तू ग्रॅज्युएट होऊन त्यातल्या एखाद्या जागेची वाट बघत इथं बसावंस असं मला वाटत नाही. एका जागेमागे आधीच पंधरा-वीस सुना उभ्या आहेत.

एक नवी गोष्ट मात्र सांगते. शेजारच्या गावातल्या बचत गटाच्या एका बाईला ड्रोन मिळालं. 2023 ला सरकारनं देशभर 15,000 बचत गटांना द्यायचं ठरवलं, त्यातलं. पंधरा दिवसांचं ट्रेनिंग करून आली. मी मुद्दाम बघायला गेले. साडीवर कोट, पायात बूट, डोळे वर. एकराला काही मिनिटं लागतात, एवढ्यात बॅटरी संपते आणि दुसरी लावायची. बॅटऱ्या कोण देत होता? तिचा नवरा. पाणी कोण भरत होता? दीर. ती म्हणाली, ‘ड्रोन बिघडलं तर दुरुस्तीले पंधरा दिवस जातात, हंगाम निघून जाते, अन् गाडीचं भाडं मायंच.’ म्हणजे सगळं गोड नाही. पण फवारणीचं यंत्र पहिल्यांदा बाईच्या हातात मी तिथं पाहिलं. ते सरकारनं मुद्दाम बाईच्या नावावर दिलं म्हणून. आपोआप आलं असतं तर दीरच उडवत असता.

तर तुझं. तुला साहेबांनी विचारलं नाही म्हणून तू गप्प आहेस. विचारणार नाहीतच. पंप घेताना आम्हाला कुणी विचारलं होतं? तूच सांगितलं होतंस ना, शेतकरी फोनवर म्हणाला, ‘पऱ्हाटीवर लाल्या आला, विम्याचं काय’, म्हणजे कपाशीची पानं लाल पडण्याचा रोग, आणि कॉम्प्युटर त्याला विचारत होता, लाल काय आहे? आपण दोघी किती हसलो होतो. पण ते हसण्यावारी नेऊ नको, तेच तुझं भांडवल आहे. लाल्या, मर, चुकारा, फेरफार, ‘मायं पासबुक’, हे त्याला शिकवायला कुणीतरी लागणारच. ते काम पुण्यातल्या कुणाला मिळायच्या आत तू माग. जमलं तर चुकीच्या उत्तरांची एक वहीच कर, तारीख घालून, आणि ती घेऊन जा. नुसतं ‘मला ठेवा’ म्हणशील तर कोण ऐकतं?

आणि एकटी जाऊ नको. तुम्ही पोरी आधी एकत्र बसा, काय मागायचं ते ठरवा. त्यांनी एकीला बाजूला बोलावून हजार वाढवले की बाकीच्या गेल्याच समज. कमी करणारच असतील तर शेवटचा पगार, अनुभवाचं पत्र, पीएफचं खातं, सगळं लेखी घ्या. तुमचा करार मुदतीचा आहे ना? नोव्हेंबर 2025 पासून नवे कामगार कायदे लागू झालेत, त्यात मुदतीच्या करारावरच्यांना एक वर्ष भरलं की ग्रॅच्युइटी आहे. पेपरात वाचलं तेव्हा मी कात्रण काढून ठेवलं, फोटो पाठवते.

हिंगणघाटच्या त्या स्थळाचं तू विचारलं नाहीस, तरी सांगते. मुलाची आई म्हणाली, ‘पोरगी नोकरीवाली पायजे, मंग लग्नानंतर पाहू ठेवायची का नाही.’ मी म्हटलं, ते आधी पाहून या. बाबांना अजून नोकरीचं काही सांगितलं नाही. मी सांगीन, तू घाई करू नको, नाहीतर ते उद्याच एसटीत बसतील तुला आणायला.

ऑफिसात कुठल्याही कागदावर लगेच सही करायची नाही. ‘घरी दाखवून देते’ म्हण आणि मला फोटो पाठव. रात्री नऊनंतर पाठव, दिवसा रेंज नसते.

तुझी,
आई