आजीला पुढची गोष्ट हवी आहे

बेळगाव, रविवार रात्र

चि. मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

तिकडच्या वाचनालयात होमरच्या ग्रीक महाकाव्याची, ‘ओडिसी’ची, गोष्ट सांगायला बोलावलंय हे तू किती हळू आवाजात सांगितलंस! असल्या गोष्टी सांगत बसलीस तर प्रबंध मागे पडेल, असं तुझ्या विभागातले कुणी म्हणाले म्हणे. मला ते पटलेलं नाही.

‘ओडिसी’ इंग्रजीत आणणाऱ्या ई. व्ही. रियूंची हकिकत तुझ्याच तोंडून ऐकली होती. ऑक्सफर्डला ग्रीक शिकलेले, पण पेशा प्रकाशनाचा. १९१२ साली ऑक्सफर्ड प्रेसच्या कामासाठी मुंबईत आले आणि पुढे मराठा पलटणीतही होते. (इथल्या पलटणीच्या मराठा सेंटरवरून जाताना मला हटकून ते आठवतात.) लंडनवर बॉम्ब पडत होते त्या दिवसांत ते बायकोला, नेलीला, मूळ ग्रीक बघून तिथल्या तिथे इंग्रजीत ‘ओडिसी’ सांगत. म्हणूनच ते गद्य इतकं बोलकं झालं. १९४६ मध्ये पेंग्विन क्लासिक्स ही पुस्तकमाला सुरू झाली ती याच पुस्तकाने, आणि त्याच्या ३० लाखांवर प्रती खपल्या. गद्यात मूळ काव्याचं वृत्त गेलं, याची तुला हळहळ वाटते. ती रास्तच आहे. ओवीचं गद्य केलं तर मलाही चुकल्यासारखं होईल. तरी ज्या घरांत होमर कधी पोचलाच नसता, तिथे तो पोचला. पुढे १९९१ मध्ये रियूंच्या मुलाने ते भाषांतर सुधारून पुन्हा आणलं, हे मला फार आवडतं.

आणि दिवाळीत तू आजीला आर्गोसची गोष्ट सांगितलीस ना? वीस वर्षांनी धनी, ओडिसियस, भिकाऱ्याच्या वेषात दारात येतो. शेणाच्या ढिगावर पडलेला म्हातारा कुत्रा त्याला ओळखतो, शेपूट हलवतो, कान पाडतो, पण उठून जवळ जायची ताकद नसते. धन्याला डोळे लपवून पुसावे लागतात. कुत्रा तिथेच मरतो. आजी कितीतरी वेळ गप्प होती. मग म्हणाली, “इतकी वर्षं त्याला कुणी भाकरतुकडा घातला असेल का गं?” मुक्ता, हा प्रश्न तुझ्या प्रबंधात टिपून ठेव.

वाचनालयात जा. आजीला सांगितलंस तसंच सांग, मधेमधे थांबत.

आजी आता विचारतेय, त्या ओडिसियसची आई कुठे होती? ती त्याला पाताळात भेटते, तो तीनदा मिठी मारायला जातो आणि तिन्ही वेळा ती सावलीसारखी निसटते, हे मला माहीत आहे. माझ्याच्याने सांगवलं नाही. पुढच्या रविवारी तू सांग.

तुझी,
आई