बालोची रोटी

प्रिय मंदार,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र मिळालं. प्रायोगिक सिनेमावाल्यांना प्रेम दाखवताच येत नाही, त्यांची माणसं एकमेकांशी धड बोलतसुद्धा नाहीत, असं तू लिहिलंयस. वाचल्यापासून मणी कौलचा 'उसकी रोटी' डोक्यातून जात नाहीये.

१९६९ चा सिनेमा, कथा मोहन राकेश यांची. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटकांच्या हाताखाली शिकलेल्या, जेमतेम पंचविशीतल्या पोराने केलेला. गोष्ट अगदी एवढीशी. पंजाबातली बालो रोज रोट्या बांधून बसथांब्यावर येते, ड्रायव्हर नवऱ्याची, सुच्चासिंगची, बस थांबली की त्याच्या हाती देते. तो घरी येतो आठवड्यातून एकदा. त्याची दुसरी बाई आहे, हेही तिला ठाऊक आहे. एके दिवशी गावातला एकजण तिच्या धाकट्या बहिणीची छेड काढतो, त्या भानगडीत बालोला उशीर होतो. सुच्चासिंग रोटी न घेताच बस काढतो. ती तिथेच थांबते, पार रात्र होईपर्यंत.

प्रेमाचा एक शब्द नाही, मान्य. पण के. के. महाजनांचा कॅमेरा तिच्या हातांवर किती वेळ रेंगाळतो ते बघ! कणीक मळणारे, रोटी थापणारे, फडक्याला गाठ मारणारे हात. सुच्चासिंगचं बाकी सगळं दुसरीकडे वाटलं गेलंय, रोटी तेवढी बालोची. तो ती घेतो तोवर हा संसार उभा आहे. म्हणून त्याने ती नाकारली की माझ्या पोटात खड्डा पडतो. भांडण झालं असतं तर परवडलं असतं रे. आणि तिचं उत्तर काय, तर हलायचं नाही. याला लाचारी म्हणणाऱ्यांशी मी कडाकडा भांडलोय. लाचारी आहेच, पण हट्टही आहे, आणि जीवही आहे त्याच्यावर. दिग्दर्शक या तिन्ही गोष्टी सुट्या करून देत नाही, हे मला फार मोठं वाटतं.

कौलने मुख्यतः दोनच लेन्स वापरल्या, २८ मिलिमीटरची, जी रुंद दृश्य टिपते, आणि १३५ ची, जी दूरचं जवळ आणते. आधी एक प्रत्यक्षासाठी, दुसरी मनातल्यासाठी. पुढे ही वाटणी तो स्वतःच मोडतो. मग बालो वाट बघतेय की वाट बघणं आठवतेय, कळेनासं होतं. रोज तेच करणाऱ्या माणसाचं असंच होत असणार.

मोबाइलवर बघू नकोस, मोठा पडदा मिळव. सुरुवातीला कंटाळशील, उठू नकोस. शेवटी रात्री थांब्यावर जे घडतं ते खरं की तिच्या मनातलं, ते मला सविस्तर लिही. माझं मत आधी सांगत नाही.

तुझा,
अभय