बढतीआधी पाळीची वही वाचा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कारखान्यात ३१ वर्षे काढून निवृत्त झालो. शेवटची काही वर्षे बढतीच्या मुलाखती घ्यायलाही बसायचो. कोणत्या मॅनेजरला वाढीव जबाबदारी पेलेल, हे ओळखताना आम्ही एकदा सपशेल चुकलो, म्हणून हे पत्र.

पॅकिंगचा एक मॅनेजर होता. लाइन बंद पडली की रात्री दोनलाही बाह्या सरसावून मशीनपाशी हजर. अशा माणसाला नाही कोण म्हणणार? त्याच्याकडे दुसरा विभागही सोपवला. मग एका रात्री दोन्हीकडे एकदमच बिघाड झाला. तो एकीकडे धावला. दुसरीकडची अख्खी पाळी त्याच्या फोनची वाट बघत बसून राहिली. स्वतः निर्णय घ्यायची सवय त्याने कुणाला लावलीच नव्हती.

त्यानंतर मी पाळी बदलतानाच्या नोंदवह्या काढल्या. (आधीच काढायला हव्या होत्या.) त्याची नोंद: ‘चार नंबर बंद. चालू केले.’ मुलाखतीत अडखळल्या म्हणून ज्यांना आम्ही डावलले, त्या बाईंची नोंद: ‘दोन नंबर तीनदा थांबले. सील बदलले, तरी गळते. माझा अंदाज चुकला, बेअरिंग बघावे. ऑपरेटरने न विचारता मशीन थांबवले, योग्य केले.’ शेवटचे वाक्य मी पुन्हा वाचले.

हातातल्या कामातल्या यशावर माणूस वर चढतो आणि न झेपणाऱ्या पायरीवर अडकतो, हे शिक्षणतज्ज्ञ लॉरेन्स पीटर यांनी ‘द पीटर प्रिन्सिपल’ या पुस्तकात १९६९ सालीच मांडले होते. २०१९ मध्ये तीन अर्थतज्ज्ञांनी अमेरिकी कंपन्यांतल्या विक्रेत्यांच्या नोंदी तपासल्या, तेव्हाही हेच दिसले: सर्वाधिक विक्री करणाऱ्याला बढती मिळण्याची शक्यता जास्त, पण तो मॅनेजर झाला की त्याच्या हाताखालच्यांची विक्री मंदावते. तरीही मुलाखतीत आपण विचारणार काय, तर ‘पाच वर्षांनी स्वतःला कुठे बघता?’

त्यापेक्षा तीन महिने अतिरिक्त कार्यभार देऊन बघावे. मात्र सहीच्या अधिकारासकट. नाहीतर काम दुप्पट आणि प्रत्येक कागद वर पाठवायचा, यात कुणाचीच परीक्षा होत नाही. आणि नाही जमले तर जुन्या खुर्चीवर मान खाली न घालता परतता आले पाहिजे. आमच्याकडे ती सोय नव्हती. त्या मॅनेजरने वर्षभरात राजीनामा दिला.

आपला,
एक निवृत्त उत्पादन व्यवस्थापक