काळरक्षकांचा संघ आणि कुलपातला ग्रंथ

ती. आई आणि ती. बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, तुमच्या कादंबरीची पहिली सहा प्रकरणं वाचून झाली. आई, समासातल्या तुझ्या खुणाही वाचल्या. चौथ्या प्रकरणाशेजारी तू लिहिलंयस, ‘दोनशे वर्षं कुलपात राहिलेला ग्रंथ वाचून यंत्र चालवता येईल का?’ बाबा, आईची शंका रास्त आहे. काळाची गती बदलणारं यंत्र, ते जपणारा संघ, सगळं मनाला पटतं. पण संघाचं सगळं ज्ञान एका ग्रंथात आणि तो ग्रंथ तळघरात, हे मात्र पटत नाही. यंत्राची विद्या अशी टिकत नाही.

घड्याळातलीच गोष्ट घ्या. ‘चाकाच्या आसाला तेल द्यावं’ असं कुणीही लिहून ठेवेल. किती द्यायचं, हे हाताला कळावं लागतं. पितळी प्लेटमध्ये आसाचं टोक जिथे बसतं, त्या भोकाभोवती छोटी खोलगट वाटी असते. ती साधारण अर्धीच भरायची. काठोकाठ भरली की तेल प्लेटवर ओघळतं आणि ओघळताना भोकातलं तेलही ओढून नेतं. म्हणजे तेल जास्त दिल्यामुळे आस कोरडा पडतो! चाकांच्या दात्यांना तर तेल लावायचंच नाही. तेलावर धूळ चिकटते, ती मऊ पितळेत रुतून बसते आणि मग पितळी चाकच त्याला जोडलेल्या छोट्या पोलादी चाकाच्या दात्यांना कानशीसारखं घासायला लागतं. नवखा माणूस झीज पितळेत शोधत बसतो. ती असते पोलादी दात्यांवर. तुमच्या ग्रंथात हे कुठल्या पानावर असेल? बहुधा कुठल्याच नाही, कारण लिहिणाऱ्याला ते इतकं अंगवळणी पडलेलं असतं की सांगावंसंच वाटत नाही.

म्हणून संघात उमेदवारी हवी, म्हणजे वस्तादाच्या हाताखाली राहून शिकणं. लंडनच्या घड्याळजींच्या संघाला १६३१ साली राजा पहिला चार्ल्स याने सनद दिली. खराब काम झडती घेऊन जप्त करायचा अधिकारही त्या संघाला होता. त्या काळी उमेदवारी साधारण सात वर्षांची असे. तुमच्या संघालाही एवढा काळ द्या, घाई करू नका.

पहिलं वर्ष फक्त उघडायचं आणि पुसायचं. त्यातही पहिला धडा एकच: आधी स्प्रिंगमधला ताण उतरवायचा. किल्ली घट्ट धरायची, खटका बाजूला करायचा आणि किल्ली हातातल्या हातात थोडी थोडी सुटू द्यायची. ताण तसाच ठेवून एस्केपमेंटचा पॅलेट, म्हणजे चाकांना एकेक दाता करत पुढे सोडणारा अडसर काढला, तर चाकांची सगळी माळ क्षणात भरधाव सुटते; दाते मोडतात, आस वाकतात. तुमच्या पाचव्या प्रकरणात नायक यंत्राचं झाकण काढून थेट मधल्या चाकाला हात घालतो. तिथे त्याच्या वस्तादाने त्याचा हात धरायला हवा.

उमेदवारी संपताना परीक्षा कोणती? माझ्या मते एकच: वस्तादाच्या यंत्राची नक्कल करायची आणि ती वस्तादाच्या मदतीशिवाय चालवून दाखवायची. याला इतिहासातलाच दाखला आहे. जहाजाचं रेखांश काढता यावं म्हणून इंग्लंडमध्ये मोठं बक्षीस ठेवलेलं होतं. त्यासाठी तिथल्या जॉन हॅरिसन या घड्याळजीने समुद्रावर वेळ बिनचूक दाखवणारं घड्याळ १७५९ मध्ये पूर्ण केलं. पण बक्षीस ठरवणाऱ्या मंडळाचा आग्रह होता की, दुसऱ्याला ते बनवता आलं पाहिजे. १७६५ मध्ये हॅरिसनला ते समितीसमोर सुटं करून, एकेक भाग समजावून सांगावा लागला. लार्कम केंडल या दुसऱ्या घड्याळजीने त्याची नक्कल १७६९ मध्ये पूर्ण केली आणि १७७२ मध्ये निघालेल्या सफरीवर कॅप्टन कुकने ती नक्कलच नेली. हॅरिसनला या अटींचा फार जाच झाला आणि त्याबद्दल मला त्याची बाजू खरी वाटते. पण विद्या एका माणसाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात गेली, ती याच अटीमुळे. याच्या उलट, १९०१ साली ग्रीसजवळ समुद्रतळातून निघालेलं अँटिकिथेराचं यंत्र पाहा, ग्रहताऱ्यांचा हिशेब करणारं, सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचं. त्यातली तीस दातेरी चाकं हाती लागली, पण त्या तोडीचं काम त्यानंतर हजारेक वर्षं कुठे दिसत नाही.

दुसरी गोष्ट, संघाकडे चुकांची वही हवी. काय बिघडलं, कशामुळे, काय केलं आणि ते टिकलं का. खिशातल्या जुन्या घड्याळांच्या झाकणाच्या आतल्या बाजूला दुरुस्ती करणारे सुईने बारीक खुणा आणि तारखा कोरून ठेवत. भिंगाखाली धरलं की चार-पाच जणांचे हात एकाखाली एक दिसतात. तुमच्या यंत्राच्या झाकणावरही अशा खुणा असू द्या, वाचकाला दोनशे वर्षं डोळ्यांनी दिसतील.

आता काळाची गती बदलण्याबद्दल. यंत्र काळ मागे नेतं, ते वाक्य काढाल का? गती कमी-जास्त होणं पुरेसं आहे आणि ते खरोखर होतं. त्यासाठी मला सातव्या प्रकरणात एक प्रश्न हवाय. उमेदवाराला विचारायचं: लंबकाचं एक घड्याळ आणि एक अणुघड्याळ (अणूंच्या ठरावीक कंपनांवर चालणारं) हजार मीटर उंच डोंगरावर नेलं, तर खालच्या घड्याळांच्या मानाने काय होईल?

लंबकाचं घड्याळ दिवसाला दहाएक सेकंद मागे पडेल. वर गुरुत्वाकर्षणाची ओढ कमी, म्हणून लंबक सावकाश हलतो. अणुघड्याळ मात्र दिवसाला साधारण ९ नॅनोसेकंद (सेकंदाचे अब्जांश) पुढे जाईल. ते ओढीवर चालत नाही; तिथला काळच खालच्यापेक्षा किंचित भरभर सरकतो. दोन घड्याळं, एकच डोंगर, दोन उलट उत्तरं. पहिलं मोजमापाचं यंत्र चुकल्यामुळे, दुसरं ते अचूक असल्यामुळे. ‘दोन्ही मागे पडतील’ म्हणणाऱ्याने नुसतं पाठांतर केलंय, हे वस्तादाला तिथेच कळेल. जीपीएसच्या उपग्रहांत हीच गोष्ट रोज सांभाळावी लागते: उंचीमुळे दिवसाला ४५ मायक्रोसेकंद (सेकंदाचे दशलक्षांश) पुढे, वेगामुळे ७ मागे, म्हणजे एकूण ३८ पुढे. ही दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात जागेचा हिशेब दहा किलोमीटरच्या घरात चुकेल.

आणि बाबा, यंत्राची गती बदलायला तुम्ही मोठं सोन्याचं चक्र दिलंय, त्याऐवजी एक नाणं द्या. लंडनच्या वेस्टमिन्स्टरच्या मनोऱ्यातल्या घड्याळाची वेळ लंबकावर जुनी पेनी ठेवून सुधारतात. एक नाणं ठेवलं की घड्याळ दिवसाला ०.४ सेकंद जलद होतं. नाणं लंबकाच्या वरच्या भागात बसतं, वजनाचा मध्य किंचित वर सरकतो आणि लंबक आखूड असल्यासारखा वागतो. घड्याळ थांबवावंही लागत नाही, फक्त नाणं ठेवताना लंबकाला धक्का लागू द्यायचा नाही. ग्रंथ चोरून नेणाऱ्या माणसाला नेमकं हेच ठाऊक नसू द्या: नाणं किती वजनाचं, कुठे आणि कोणत्या हाताने ठेवायचं.

आई, पुढची प्रकरणं बाबांकडून मोठ्या अक्षरात छापून घे, डोळ्यांना ताण देऊ नकोस. आणि समासात लिहिणं थांबवू नकोस, सगळ्यात नेमके प्रश्न तिथेच आहेत.

तुमची लेक