विषय : सापांसाठी कार्बोलिक ॲसिडचे कंत्राट देण्याआधी

प्रति,
मा. अध्यक्ष व व्यवस्थापक समिती,
आपली सहकारी गृहनिर्माण संस्था, बावधन, पुणे

महोदय,
सप्रेम नमस्कार.

रविवारी बी-विंगच्या पार्किंगमध्ये साप मारला गेला. रात्र व्हायच्या आत ग्रुपवर दोन सूचना फिरू लागल्या : कार्बोलिक ॲसिड फवारणीचे वार्षिक कंत्राट द्यायचे आणि मागच्या बाजूची सगळी झाडी जेसीबीने साफ करून घ्यायची. हे दोन्ही विषय शनिवारच्या सभेत मंजुरीला येणार असल्याचे सचिवांकडून कळले. माझा दोन्हींना विरोध आहे. कारणे लेखी देते, म्हणजे इतिवृत्तात येतील.

आधी त्या मेलेल्या सापाबद्दल. फोटोखाली 'मण्यार' असे लिहून तो सगळ्यांना पाठवला गेला. फोटो मोठा करून पाहा. तपकिरी अंगावरचे फिकट पट्टे डोक्याकडे ठळक आहेत आणि शेपटीकडे विरत गेले आहेत. मण्यारीचे याच्या नेमके उलट असते. तिचे अंग काळेभोर, पट्टे बारीक, पांढरे आणि बहुधा जोडीजोडीने असतात, शेपटीकडे स्पष्ट आणि मानेकडे पुसट किंवा नसलेलेच. पार्किंगमध्ये मेला तो कवड्या, बिनविषारी. तो पाली खातो आणि त्यासाठी भिंतीही चढतो. त्या खांबावरच्या ट्यूबलाइटखाली रोज रात्री किती पाली जमतात ते बी-विंगवाल्यांना ठाऊकच आहे. अर्थात रात्रीच्या अर्ध्या उजेडात कोणीही ओळखपरेड घेत बसावे असे मी म्हणत नाही. साप कुठलाही असो, लांब उभे राहायचे. पण काठी घेऊन वॉचमनला पुढे करणे, तेही पायात रबरी चप्पल असताना, हे मला मान्य नाही. साप मारायला किंवा धरायला गेलेल्या माणसालाच दंश होण्याची शक्यता सर्वांत जास्त असते. शिवाय 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने सापांना संरक्षण आहे आणि आपण पुराव्याचा व्हिडिओ स्वतःच शंभर जणांना पाठवून बसलो आहोत.

आता कंत्राट. कार्बोलिक ॲसिड म्हणजे फिनॉल. ते कातडीला भाजते आणि कातडीतून शरीरात शिरते. जिथे ते शिंपडायचे ठरले आहे त्याच हिरवळीवर संध्याकाळी मुले अनवाणी लोळतात आणि सोसायटीची मांजरे पाय चाटतात. साप जिभेने वास टिपतो हे खरे, पण म्हणून उग्र वासाची रेघ ओलांडत नाही असे नाही, खुशाल ओलांडतो. डांबरगोळ्या, गंधक, लसूण, सर्पगंधेची कुंडी, जमिनीत खोचायची गुणगुणणारी यंत्रे या सगळ्यांवरचा माझा विश्वास तेवढाच. आणि जूनमधल्या पहिल्याच सरीने धुऊन जाणाऱ्या औषधाचे वर्षाचे पैसे आगाऊ का द्यायचे, हे मला कोणी समजावून सांगावे.

झाडीचे म्हणाल तर कुंपणापलीकडची टेकडी आपली नाही. तिथे जेसीबी लावण्याचा आपल्याला अधिकारच नाही. आणि कुंपणाच्या आतली झाडी एका दिवसात खरवडली तर तिथले जनावर जवळचा आडोसा शोधणार, म्हणजे आपले पार्किंग. इमारतींच्या भिंतींना लागून दोन-तीन फुटांचा पट्टा मोकळा ठेवा, गवत घोट्याखाली राहू द्या, पहिल्या मजल्याच्या खिडक्यांना टेकलेल्या फांद्या छाटा. माळीकाकांना एवढे पुरे आहे.

साप येतात ते उंदरांमागे. कचराखोलीच्या मागे एकदा खाली वाकून बघावे ही विनंती. जोत्याला लागून घुशीने उकरलेल्या ताज्या मातीचे ढीग आहेत, त्यांवर ओल्या कचऱ्यातले भाताचे दाणे. साप स्वतः बीळ खणत नाही, घुशीचे आयते बीळ वापरतो. सी-विंगच्या गच्चीखाली कबुतरांना रोज ज्वारी टाकली जाते. त्यातली निम्मी खाली पडते आणि रात्री उंदीर खातात. कुत्र्यांसाठी ठेवलेली पोळी सकाळपर्यंत तशीच असते. पुण्य करणाऱ्यांना दुखवायचे नाही, पण दाणा-पोळी त्यांच्यासमोरच संपावी आणि उरलेले त्यांनी उचलावे, असा ठराव करता येईल. कचऱ्याचे डबे झाकणाचे हवेत. ओढ्याच्या बाजूच्या भिंतीजवळ मधूनमधून दिसणारी लांब धामण याच उंदरांवर जगते. तिला हुसकावू नका. ती गेली की उंदीर वाढतील आणि ते खायला नाग येईल.

दुसरी गोष्ट पंप रूममागची. वॉटरप्रूफिंगच्या कामात उरलेल्या फरश्या, विटा आणि पीव्हीसीचे तुकडे तिथे तसेच पडून आहेत आणि वर माळ्याने नारळाच्या झावळ्या रचल्या आहेत. सापाला लपायला याहून चांगली जागा मुद्दाम बांधूनही देता आली नसती. हा राडारोडा हलवणे हे या पत्रातले सर्वांत तातडीचे काम. मात्र ते भर दिवसा व्हावे, गमबूट आणि जाड हातमोजे घालून, आणि हात घालण्यापूर्वी लांब दांड्याने उकरून. फरशीखाली घोणस असली तर कुकरच्या शिट्टीसारखा फूत्कार येईल. तो ऐकू आला की काम थांबवायचे.

टेकडीकडच्या भिंतीतली पाण्याची भोके काहींना सिमेंटने बुजवायची आहेत. कृपा करून तसे करू नका, पाणी मागे तुंबून भिंतच अंगावर यायची. तोंडाशी पाव इंचाहून बारीक छिद्रांची, न गंजणारी लोखंडी जाळी बसवावी. गटाराच्या चेंबरची दोन झाकणे फुटली आहेत आणि मागच्या फाटकाखाली हात जाईल एवढी फट आहे, तीही बंद व्हावी. तळमजल्यावरच्या आम्ही मंडळींनी नाहणीच्या जाळ्या, दाराखालच्या फटी आणि कॉरिडॉरमधले चपलांचे ढीग आपापले बघायचे. त्यासाठी सोसायटीचा पैसा नको.

नायलॉनची जाळी मात्र कुठेही नको. सी-विंगच्या भाजीच्या वाफ्याभोवती पक्ष्यांसाठी लावलेल्या जाळीत गेल्या पावसाळ्यात धामण अडकली होती. ती जितकी ओढत होती तितका दोरा खवल्यांखाली रुतत होता. सर्पमित्राने नखे कापायच्या कात्रीने एकेक दोरा सोडवला. जाळी अजून तिथेच आहे.

आता वॉचमनबद्दल. रात्रपाळीचे दोघे केबिनमध्ये पुठ्ठा अंथरून जमिनीवर पाठ टेकतात हे आपण सगळे बघतो आणि पुढे जातो. मण्यार रात्री फिरते. जमिनीवर झोपलेल्या माणसाला ती अंथरुणात चावते, आणि चावल्याचे अनेकदा कळतही नाही : सूज नाही, फारशी वेदना नाही, पहाटे पोटात दुखते आणि पापण्या जड होऊन मिटू लागतात. तोवर बराच वेळ गेलेला असतो. एक खाट, खाली नीट खोचलेली मच्छरदाणी, दोन चांगले टॉर्च आणि दोन जोड बूट, एवढे घ्या. माझ्या मते फवारणीच्या आधी, किंबहुना फवारणीऐवजी, हा खर्च मंजूर व्हावा.

साप दिसल्यास काय करायचे याचा मोठ्या अक्षरांतला फलक केबिनजवळ हवा. मुलांना आणि कुत्र्यांना बाजूला घ्यायचे, एकाने लांबून सापावर नजर ठेवायची, बाकीच्यांनी गर्दी करायची नाही, वन विभागाच्या 1926 या हेल्पलाइनवर फोन करायचा. सर्पमित्र वन विभागाच्या ओळखीचाच असावा. गळ्यात साप घालून फोटो काढू देणारा नको. दंश झालाच तर आवळून बांधायचे नाही, कापायचे नाही, चोखायचे नाही, मांत्रिकाकडे तर नाहीच. अंगठी-बांगड्या काढायच्या, हात किंवा पाय हलवू द्यायचा नाही, 108 ला फोन करायचा किंवा मिळेल त्या गाडीने निघायचे. साप पकडून सोबत न्यायची गरज नसते. आपल्याकडची प्रतिविषाची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांवर चालते. मात्र ती जवळच्या कोणत्या रुग्णालयात रात्री दोन वाजताही मिळेल, हे सचिवांनी आत्ताच फोन करून विचारावे आणि त्याच फलकावर लिहावे.

नागपंचमीला वारुळापाशी दुधाच्या वाट्या ठेवणाऱ्यांनाही एक विनंती जोडते. साप दूध पीत नाही. वाटीवर मुंग्या येतात आणि मागून उंदीर.

हे सगळे मृगाच्या आधी उरकावे लागेल. पावसाने बिळे भरली की साप कोरड्या जागेकडे सरकतात. याच सुमारास घोणशीची पिल्ले बाहेर पडतात आणि नागाची अंडी फुटतात. पिल्लू बोटभर असले तरी विष घेऊनच जन्मते.

शनिवारच्या सभेत फवारणीच्या कोटेशनआधी हे पत्र वाचून दाखवावे. राडारोडा उचलणाऱ्या टेम्पोवाल्याशी मी बोलले आहे. तो रविवारी सकाळी यायला तयार आहे. पंप रूमची चावी शनिवारी रात्रीच केबिनमध्ये ठेवायला सांगावे, मागच्या वेळी चावीवाचून प्लंबर परत गेला होता.

कळावे,
आपली विश्वासू,
सभासद, ए-विंग, तळमजला

प्रत : मा. सचिव, माहितीसाठी