आत्यास पत्र : आस्टा नील्सनचा निःशब्द अभिनय

कोपनहेगन

तीर्थस्वरूप आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

तुझे पत्र मिळाले. राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमी सुरू झाल्या आणि यंदा नव्या मुलींना तूच तयार करते आहेस, हे वाचून फार आनंद झाला. प्रत्येक वाक्याला त्यांचा हात हलतोच, अशी तुझी तक्रार आहे. ती वाचली त्याच आठवड्यात मी येथील सिनेमाटेकमध्ये, म्हणजे जुने चित्रपट जपून दाखवणाऱ्या संस्थेत, १९१० सालचा ‘आफग्रुंडन’ हा मूकपट पाहिला, आणि त्यातील आस्टा नील्सन या अभिनेत्रीविषयी तुलाच लिहावे असे वाटले.

‘आफग्रुंडन’ म्हणजे खोल दरी. पियानो शिकवणारी माग्दा ट्राममध्ये भेटलेल्या पाद्र्याच्या मुलाला सोडून सर्कशीतल्या एका कलावंतामागे निघून जाते, त्याच्याबरोबर फरफटत राहते आणि अखेरीस तिच्या हातून त्याचा खून होतो. दोराने बांधलेल्या प्रियकराभोवती ती जे नृत्य करते त्याचा त्या काळी फार बोलबाला झाला. मला मात्र शेवट विसरता येत नाही. पोलीस तिला बाहेर नेतात तेव्हा ती रडत नाही की छाती पिटत नाही. चेहरा रिकामा, खांदे पडलेले, आणि पावले जणू दुसऱ्याच कोणाची असावीत अशी पडत राहतात. पडद्यावरची बहुतेक मंडळी शेवटच्या रांगेला दिसावे म्हणून हातवारे करीत होती त्या काळात या बाईने, कॅमेरा पहिल्या रांगेपेक्षाही जवळ आहे, हे ओळखले होते.

ही समज तिला सुखासुखी मिळाली नव्हती. १८८१ साली येथल्याच वेस्टरब्रो या कामगारवस्तीत ती जन्मली. वडील लोहार, आई लोकांचे कपडे धुणारी. ती लहान वयातच पितृसुखाला मुकली. रॉयल थिएटरच्या नाट्यशिक्षणापर्यंत ती पोहोचली खरी, पण १९०१ साली लग्नावाचून मुलगी झाली आणि त्या काळच्या समाजात ते मूल तिने स्वतः वाढवले. पुढची वर्षे दौऱ्यांत आणि दुय्यम भूमिकांत गेली. ‘आफग्रुंडन’ हा चित्रपट मुळात नाटकवाल्यांचे तिच्याकडे लक्ष जावे म्हणून नाट्यगृहातील नेपथ्यकार ऊर्बान गाड याने तिच्यासह केला, हे कळल्यावर मला तुझी आठवण झाली. चांगल्या भूमिकेसाठी तुला किती वर्षे वाट पाहावी लागली, ते मी पाहिले आहे.

नाटकवाल्यांच्या आधी जर्मनीने तिला बोलावले. गाडशी तिचा विवाह झाला, आणि बर्लिनजवळ बाबेल्सबर्गचा स्टुडिओ उभा राहिला तेव्हा १९१२ साली तेथे चित्रित झालेला पहिला चित्रपट याच दोघांचा होता. तिच्या ७४ चित्रपटांपैकी ७० जर्मनीत झाले. ती केवळ शोकनायिका होती असे मात्र समजू नकोस. ‘एंगेलाइन’ या विनोदी चित्रपटात तिशी ओलांडलेली ही बाई बारा वर्षांची असल्याचे सोंग घेणारी सतरा वर्षांची मुलगी झाली आहे.

१९२१ साली तिने स्वतःच्या कंपनीतर्फे ‘हॅम्लेट’ काढला आणि राजपुत्राची भूमिका स्वतः केली. त्यात हॅम्लेट मुळात मुलगी आहे. गादी हातची जाऊ नये म्हणून राणी तिला मुलगा म्हणून वाढवते. आपल्याकडे १९१३ साली दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती अण्णा साळुंके यांनी साकारली, कारण पडद्यावर यायला स्त्री मिळेना, त्याच वर्षी दुर्गाबाई आणि कमलाबाई या मायलेकींनी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये ती कोंडी फोडली. म्हणून काळ्या पोशाखातली आस्टा पाहताना मला आपले स्त्रीपार्ट करणारे नट सारखे आठवत होते. फरक एवढाच की तिचे पात्र जन्मभर सोंगात अडकलेले आहे, आणि मित्र होरेशिओकडे पाहताना तिची नजर क्षणभर जास्त रेंगाळते तेवढ्यातच ते सोंग विरते.

१९२५ साली दिग्दर्शक पाब्स्टच्या चित्रपटात तिच्याबरोबर पुढे जगप्रसिद्ध झालेली तरुण अभिनेत्री ग्रेटा गार्बो होती. बोलपट मात्र तिने एकच केला, १९३२ साली. नाझी राजवट आल्यावर ती डेन्मार्कला परतली. तेथे तिने आत्मचरित्र लिहिले, कापडाचे तुकडे जोडून चित्रे केली, आणि १९७२ साली ती वारली. जिच्या चेहऱ्यासाठी युरोप रांगा लावत होता, तिला मायदेशाने पुढची पस्तीस वर्षे जवळजवळ काहीच काम दिले नाही, याचे मला खरेच वाईट वाटते.

‘आफग्रुंडन’ घरबसल्याही पाहता येतो. त्याचा दुवा दादाच्या फोनवर पाठवला आहे. तालमीच्या आधी मुलींना तो शेवटचा प्रसंग दोनदा दाखव, दुसऱ्यांदा फक्त खांद्यांकडे पाहायला सांग, आणि त्या काय म्हणाल्या ते मला सविस्तर लिही.

काकांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद.

तुझी,
मुक्ता