जतन केलेला वायफाय पासवर्ड न दिसणे व सेवा केंद्रात झालेले नुकसान याबाबत तक्रार

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ग्राहक सेवा विभाग

महोदय,

सातारा जिल्ह्यातील कोरेगाव येथे माझे झेरॉक्स, प्रिंटिंग आणि ऑनलाइन अर्ज भरून देण्याचे छोटे दुकान असून गेली दोन वर्षे मी आपल्या कंपनीचा मोबाइल वापरत आहे. फोनबद्दल एरवी माझे काही म्हणणे नाही. बॅटरी दिवसभर टिकते आणि कागदपत्रांचे फोटो स्वच्छ येतात. माझी तक्रार आहे ती फोनमध्ये जतन असलेला माझ्याच वायफायचा पासवर्ड मला वाचता येत नाही याबद्दल, आणि त्यावर आपल्या अधिकृत सेवा केंद्राने जो उपाय केला त्याबद्दल.

दीड वर्षापूर्वी इंटरनेटची जोडणी करताना आलेल्या मुलाने पासवर्ड स्वतःच टाकला आणि चिठ्ठीवर लिहून राउटरच्या मागे चिकटवून दिला. गेल्या पावसाळ्यात त्या भिंतीला ओल आली, शाई फुटली आणि चिठ्ठीवर निळा डाग तेवढा उरला. दुकानातला संगणक तारेने जोडलेला आहे, गिऱ्हाइकांना वायफाय आम्ही देत नाही आणि राउटरच्या सेटिंगचा ॲडमिन पासवर्ड इंटरनेटवाले स्वतःकडेच ठेवतात. त्यामुळे तो चौदा अक्षरांचा पासवर्ड वाचण्याची शक्यता असलेली एकच जागा राहिली होती, ती म्हणजे माझा फोन.

यंदा जूनमध्ये, प्रवेशाचे अर्ज आणि उत्पन्नाच्या, जातीच्या दाखल्यांची गर्दी ऐन भरात असताना, जुना प्रिंटर बंद पडला म्हणून नवा आणला. त्याच्या दोन ओळींच्या पडद्यावर बाणाची बटणे दाबत एकेक अक्षर शोधून पासवर्ड भरावा लागतो. फोनमध्ये वायफायच्या नावावर जाऊन ‘शेअर’ दाबले, पिन टाकला, तर क्यूआर कोड आला आणि त्याखाली कोरी जागा. दुसऱ्या फोनने तो कोड स्कॅन केला की जोडणी होते, हे मान्य आहे. पण प्रिंटरला कॅमेरा नसतो.

क्यूआर कोडची ही सोय अँड्रॉइडमध्ये २०१९ साली दहाव्या आवृत्तीबरोबर आली आणि अनेक फोनमध्ये त्या कोडखाली पासवर्ड सरळ अक्षरांत लिहिलेला असतो. आयफोनमध्येही २०२२ च्या आयओएस १६ पासून चेहरा किंवा पासकोड तपासून तो दाखवला जातो. आपल्या फोनमध्ये तसे का नाही, असे हेल्पलाइनवर विचारले तेव्हा ‘सुरक्षेच्या कारणास्तव’ एवढे उत्तर मिळाले आणि सेवा केंद्रात जाण्यास सांगण्यात आले.

त्याप्रमाणे दुकान अर्धा दिवस बंद ठेवून मी एसटीने साताऱ्याला गेलो. काउंटरवरच्या कर्मचाऱ्याने माझा पिन विचारून जॉबशीटवर बॉलपेनने लिहून घेतला, फोन आत नेला आणि वीस मिनिटांनी ‘नेटवर्क सेटिंग रीसेट केले आहे, आता नीट दिसेल’ असे सांगून परत दिला. या रीसेटमध्ये जतन केलेली सगळी वायफाय जाळी आणि ब्लूटूथच्या जोडण्या पुसल्या जातात, हे त्याने आधी सांगितले नाही. त्याला ते ठाऊक होते की नाही, याचीच मला शंका आहे. जो पासवर्ड वाचण्यासाठी मी तेथे गेलो होतो, तोच त्याने पुसून टाकला होता.

पुढचे थोडक्यात लिहितो. इंटरनेटवाल्यांचा माणूस तिसऱ्या दिवशी आला, त्याने चारशे रुपये घेऊन नवा पासवर्ड टाकला आणि त्यापायी छताजवळचे दोन्ही सीसीटीव्ही कॅमेरे शिडी लावून उतरवून पुन्हा जोडावे लागले. तोवर प्रिंटर तारेने संगणकाला लावून मी काम रेटले.

यानंतर शेजारच्या कॉलेजातल्या मुलाने जे दाखवले, त्यामुळे हे पत्र लिहावेसे वाटले. आपल्या फोनवरचा तो क्यूआर कोड त्याने नुसता मजकूर दाखवणाऱ्या स्कॅनरने वाचला, तर जाळ्याचे नाव आणि ‘पी’ या अक्षरापुढे अख्खा पासवर्ड उघडा समोर आला. म्हणजे कोडमध्ये पासवर्ड लपवलेला नसतो, केवळ माणसाला वाचता येणार नाही अशा रूपात मांडलेला असतो. शिवाय आमच्या नव्या पासवर्डात एक अर्धविराम आहे. कोडच्या मजकुरात त्याच्या आधी एक उलटी तिरकी रेघ दिसते, ती पासवर्डाचा भाग नसते, आणि ती धरून प्रिंटरमध्ये भरले तर जोडणी होत नाही. ही खोच सामान्य ग्राहकाने कोठून शिकायची?

मालकाने पिन टाकून स्वतःची ओळख पटवल्यानंतर त्याच्यापासून अक्षरे लपवायची, आणि तोच पिन सेवा केंद्राच्या काउंटरवर कोणीही वाचू शकेल अशा कागदावर लिहायचा, यात सुरक्षा नेमकी कोणाची, हे मला कळलेले नाही. त्या पिनने दुकानच काय, घरचे, बहिणीकडचे, मी जेथे जेथे जोडणी केली तेथील प्रत्येक वायफाय उघडता येते.

तरी पुढील अपडेटमध्ये पिन टाकल्यानंतर कोडखाली पासवर्ड अक्षरांत दिसेल अशी सोय करावी, कोणतेही रीसेट करण्यापूर्वी काय पुसले जाणार आहे हे मराठीत लिहून ग्राहकाची सही घेण्याचे आदेश सेवा केंद्रांना द्यावेत, जॉबशीटवर पिन लिहिण्याची पद्धत तातडीने बंद करावी आणि माझे चारशे रुपये परत करावेत. पंधरा दिवसांत लेखी उत्तर न आल्यास राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, म्हणजे १९१५ या क्रमांकावर, मी तक्रार नोंदवीन. वस्तूसाठी मोजलेली किंमत पाच लाखांपर्यंत असेल तर जिल्हा ग्राहक आयोगात तक्रारीला शुल्क पडत नाही, हेही मला ठाऊक आहे. पण एवढ्यासाठी दुकान बंद ठेवून तारखांना जाण्याची माझी इच्छा नाही.

सोबत खरेदीचे बिल, चारशे रुपयांची पावती आणि जॉबशीटची प्रत जोडली आहे. जॉबशीटवरचा पिन मी शाईने खोडला आहे आणि फोनमधला बदललाही आहे.

आपला,
एक ग्राहक,
कोरेगाव, जि. सातारा